उशिरा भरलेले पैसे, खारीज झालेला दावा आणि वऱ्हाडातली कोर्टं

दावा हरणं वेगळं आणि दावा खारीज होणं वेगळं. हरलेल्या दाव्यात दोन्ही बाजू ऐकलेल्या असतात, साक्षी-उलटतपासणी झालेली असते आणि शेवटी कारणांसह निकालपत्र असतं. पेशीला गैरहजर राहिल्यामुळे किंवा पैसे वेळेत न भरल्यामुळे खारीज झालेल्या दाव्यात यातलं काहीच नसतं. रोजनाम्यात दोन-तीन ओळी पडतात आणि फाईल रेकॉर्ड रूममध्ये जाते. शेत कोणाचं, गहाण फिटलं की नाही, भाऊहिस्सा किती, हे कोणी तपासलेलंच नसतं.

तुमच्यापैकी बरेच जण पेट किंवा नेटची तयारी करताय आणि संशोधनाचा विषय शोधताय. कायद्याच्या इतिहासावर काम करायचं म्हटलं की आपण मोठे निकाल वाचायला घेतो. मला वाटतं, वऱ्हाडासारख्या भागाचा कोर्टाचा इतिहास त्या मोठ्या निकालांपेक्षा या दोन-तीन ओळींत जास्त आहे. पण त्या ओळी वाचता यायला आधी कायद्याची थोडी यंत्रणा समजून घ्यावी लागते. तीही रुक्ष वाटते तितकी रुक्ष नाही.

सुरुवात पैशांपासून करू. 'कोर्टाचा खर्च भरला नाही' असं आपण सरसकट म्हणतो, पण त्यात तीन वेगवेगळे पैसे असतात आणि प्रत्येकाचा परिणाम वेगळा. पहिला पैसा कोर्ट फीचा, म्हणजे दाव्याच्या किमतीवर सरकारला द्यायच्या स्टॅम्पचा. तो कमी पडला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ७, नियम ११ खाली वादपत्रच नाकारलं जातं. त्याआधी तूट भरून काढायला वेळ द्यावा लागतो, आणि कलम १४९ कोर्टाला नंतरही फी घेण्याची मुभा देतं. त्या कलमाची गंमत अशी की फी उशिरा घेतली तरी कागद पहिल्या दिवशीच पूर्ण फीचा होता असं धरलं जातं. मुदतीच्या काठावर दाखल झालेल्या दाव्याला हे एक वाक्य वाचवतं.

दुसरा पैसा प्रोसेस फीचा. जुन्या कागदांत त्याला तलबाना म्हटलेलं सापडेल. प्रतिवादीला समन्स पोहोचवायचा हा खर्च. रक्कम किरकोळ असते, पण ती न भरल्यामुळे समन्स गेलं नाही तर ऑर्डर ९, नियम २ खाली दावा खारीज होऊ शकतो. इथे वादीला दोन वाटा उरतात. नियम ४ प्रमाणे तो नवा दावा आणू शकतो किंवा जुनाच मूळ नंबरवर घ्या म्हणून अर्ज करू शकतो. वादी पेशीला गैरहजर राहिला म्हणून नियम ८ खाली दावा गेला, तर मात्र त्याच कारणासाठी नवा दावा आणता येत नाही. फक्त नियम ९ चा अर्ज उरतो. फाईलवर 'खारीज' हा एकच शब्द असतो. तो कोणत्या नियमाखाली आला हे पाहिलं नाही तर तुमचं वर्गीकरण पहिल्याच पायरीवर चुकेल.

तिसरा पैसा म्हणजे ज्याला वकील मंडळी नुसतं 'कॉस्ट' म्हणतात तो. तारीख वाढवून मागितली, तर विरुद्ध बाजूला अमुक रुपये द्या. दावा परत घेतो, पण आधी अमुक रुपये भरा. १९७६ च्या दुरुस्तीने कलम ३५-ब आलं आणि विलंबाबद्दल लावलेली कॉस्ट पुढच्या तारखेला भरणं ही दावा पुढे चालवण्याची पूर्वअट झाली. सगळ्यात विचित्र प्रकरणं इथे घडतात. दावा एकदा गैरहजेरीत जातो, अर्जावर कोर्ट तो परत घ्यायला तयार होतं, पण अट घालतं की पंधरा दिवसांत कॉस्ट भरा. पैसे सोळाव्या दिवशी येतात. म्हणजे जिवंत होता होता दावा दुसऱ्यांदा मरतो.

मग मुदत. मुदतीच्या १९६३ च्या कायद्यात अनुच्छेद १२२ आहे. गैरहजेरी, दावा न चालवणं, समन्सचा खर्च न भरणं किंवा खर्चाची हमी न देणं, यांपैकी कशामुळेही खारीज झालेला दावा परत घेण्यासाठी खारीज झाल्याच्या तारखेपासून ३० दिवस. उशीर झाला तर त्याच कायद्याचं कलम ५ आहे, पण तिथे पुरेसं कारण दाखवावं लागतं. आणि नवा दावा आणायचा म्हटलं तर मूळ हक्काची मुदत शिल्लक हवी. उसन्या पैशाच्या वसुलीला तीन वर्षं आणि मालकी हक्काने जमिनीचा ताबा मागायला बारा वर्षं. दावा कोर्टात चार वर्षं पडून राहिला आणि मग तलबान्यासाठी गेला, तर कागदावर नवा दावा आणायचा हक्क आहे, पण उसनवारीच्या वादीला त्याचा काही उपयोग नाही. किरकोळ रकमेपायी अख्खा हक्क जाण्याचा रस्ता तो हाच.

आता वऱ्हाडाकडे येऊ. इथल्या कोर्टांची वंशावळ जरा वाकडी आहे, आणि ती माहीत नसेल तर अभिलेखागारात तुम्हाला काहीच सापडणार नाही. १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या कारभाराकडे सोपवलं, पण सार्वभौमत्व कागदोपत्री निजामाचंच राहिलं. त्यामुळे हा भाग तांत्रिकदृष्ट्या ब्रिटिश इंडियात नव्हता आणि इथे कायदे गव्हर्नर जनरलच्या अधिसूचनांनी लागू केले जात. त्या काळातली सरकारी कागदपत्रं 'हैदराबाद असाइन्ड डिस्ट्रिक्ट्स' या नावाखाली असतात. सूचीत नुसतं 'बेरार' शोधून थांबू नका. अमरावतीचं इंग्रजी स्पेलिंगही तेव्हा वेगळं होतं, 'अम्राओटी' वाचावं असं. १९०२ मध्ये वऱ्हाड वर्षाला २५ लाख रुपयांच्या भाड्यावर कायमचं इंग्रजांकडे गेलं आणि १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडलं गेलं. मग वरचं कोर्ट म्हणजे नागपूरचे ज्युडिशियल कमिशनर. १९३६ च्या जानेवारीत नागपूर हायकोर्ट सुरू झालं. १ नोव्हेंबर १९५६ ला विदर्भ मुंबई राज्यात आला आणि नागपुरात मुंबई हायकोर्टाचं खंडपीठ राहिलं. अकोला आणि अमरावतीची अपिलं आजही तिथेच जातात.

म्हणजे एकाच घराण्यातल्या जमिनीचा वाद तीन पिढ्या चालला असेल, तर त्याचे कागद निजाम-इंग्रज व्यवस्था, मध्य प्रांत व वऱ्हाड, जुना मध्य प्रदेश, द्विभाषिक मुंबई आणि महाराष्ट्र, अशा पाच कारभारांत विखुरलेले असू शकतात. घर आणि शेत तिथल्या तिथे, वरचं सरकार मात्र चारदा बदललेलं.

दावे वाढले कशाने? १८६१ पासून वऱ्हाडात मुंबई पद्धतीची जमीन मोजणी सुरू झाली. शेतकऱ्याच्या नावावर सर्व्हे नंबर आला, म्हणजे तो विकता आणि गहाण टाकता येऊ लागला. त्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस अडला आणि वऱ्हाडच्या कापसाला भाव आला. त्याच दशकात रेल्वे आली. खामगाव, अकोला, अमरावती या बाजारपेठा फुगल्या. युद्ध १८६५ ला संपलं आणि भाव उतरले, पण चढत्या भावाच्या भरवशावर काढलेलं कर्ज तसंच राहिलं. गहाणखताच्या वसुलीचे, ताब्याचे आणि वाटणीचे दावे या मातीत उगवले. पुढे १९३३ चा कर्ज समेट कायदा आणि १९३९ चा कर्जनिवारण कायदा मध्य प्रांताच्या विधिमंडळाला करावे लागले, यावरून प्रश्न किती मुरला होता ते कळतं.

याच काळात अमरावतीत वकिलांचा एक जबरदस्त वर्ग तयार झाला. रंगनाथ नरसिंह मुधोळकर १९१२ च्या बांकीपूर काँग्रेसचे अध्यक्ष झाले. मोरोपंत जोशी होते. दादासाहेब खापर्डे १८८५ ते १८९० मुन्सफ आणि एक्स्ट्रा असिस्टंट कमिशनर म्हणून नोकरीत होते, मग ती सोडून वकिलीत उतरले. १८९७ ची काँग्रेस अमरावतीत भरली, त्यामागे हीच माणसं. त्यांच्याबद्दल आपण राजकारणाच्या इतिहासात वाचतो. त्यांचं रोजचं काम मात्र सकाळी पक्षकार, दुपारी पेशी आणि मधल्या वेळात स्टॅम्पाचे हिशेब असं होतं, आणि तो भाग अजून फारसा कोणी लिहिलेला नाही.

कोर्ट फीचा वाद याहून जुना. बंगालमध्ये १७९५ च्या एका रेग्युलेशनने दाव्यांवर फी बसवली. कारण दिलं होतं की त्यामुळे खोटे आणि त्रासदायक दावे कमी होतील. १८३५ मध्ये मेकॉलेने यावर सडकून टीका केली. त्याचं म्हणणं थोडक्यात असं की फीला खरा दावा आणि खोटा दावा यांतला फरक कळत नाही, तिला फक्त श्रीमंत आणि गरीब कळतो. मेकॉले आपल्याकडे शिक्षणाच्या टिपणामुळे बदनाम आहे, पण हा मुद्दा त्याचा बिनतोड होता. त्याचं कोणी ऐकलं नाही. १८७० चा कोर्ट फी कायदा आला, आणि राज्य बदलल्यावर विदर्भात त्याची जागा मुंबई कोर्ट फी कायदा, १९५९ ने घेतली. फी भरूच शकत नाही अशा माणसासाठी ऑर्डर ३३ ची नादार दाव्याची सोय आहे. १९९४ मध्ये महाराष्ट्राने मालमत्ता, पोटगी, घटस्फोट अशा वादांत स्त्रियांना कोर्ट फी माफ केली. पण कॉस्टचा भुर्दंड कोर्ट फीच्या माफीत येत नाही, हे लक्षात ठेवा.

वर जायला काय लागायचं याचा अंदाज एका प्रसिद्ध खटल्यावरून येतो. शिरपूरच्या अंतरिक्ष पार्श्वनाथ मंदिराबद्दल जैन समाजातल्या दोन पंथांत दावा झाला. शिरपूर आज वाशीम जिल्ह्यात आहे, तेव्हा अकोला जिल्ह्यात होतं. दावा १९१० मध्ये अकोल्याच्या कोर्टात आला, १९१८ ला निकाल लागला, १९२३ ला नागपूरच्या ज्युडिशियल कमिशनरच्या कोर्टात अपिलाचा निकाल लागला आणि १९२९ ला लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलचा. अकोला ते लंडन, एकोणीस वर्षं. प्रिव्ही कौन्सिलकडे जायचं तर ऑर्डर ४५ प्रमाणे ठरलेल्या मुदतीत प्रतिपक्षाच्या खर्चाची हमी द्यावी लागे. शिवाय सगळ्या कागदांचं भाषांतर, नकला, छपाई आणि इंग्लंडला पाठवण्याचा खर्च आधी जमा करावा लागे. एखाद्या संस्थेला, समाजाला किंवा मोठ्या सावकाराला हे झेपेल. दर्यापूरच्या खारपाणपट्ट्यात दहा एकर असलेल्या माणसाला झेपणार नाही. हा माणूस लॉ रिपोर्टमध्ये सापडत नाही तो यामुळे.

वैधानिक बदलाचा मोठा टप्पा स्वातंत्र्यानंतरचा. त्यात दोन नावं नागपूरची आहेत. व्हिव्हियन बोस नागपूर हायकोर्टात न्यायाधीश आणि १९४९ ते १९५१ मुख्य न्यायाधीश होते. एम. हिदायतुल्ला यांनी १९३० मध्ये नागपुरात वकिली सुरू केली. ते मध्य प्रांत व वऱ्हाडचे अॅडव्होकेट जनरल होते आणि १९५४ ते १९५६ नागपूर हायकोर्टाचे मुख्य न्यायाधीश. दोघेही पुढे सुप्रीम कोर्टात गेले.

बोस यांचा निकाल २२ मार्च १९५५ चा, संग्राम सिंह विरुद्ध इलेक्शन ट्रिब्युनल, कोटा. प्रकरण निवडणूक अर्जाचं. एक पक्ष एका तारखेला गैरहजर राहिला, पुढच्या तारखेला त्याचा वकील आला तर त्याला भागच घेऊ दिला नाही. बोस यांनी सांगितलं की प्रक्रियेचे नियम न्याय सुकर करण्यासाठी असतात, माणसाला शिक्षा द्यायला किंवा अडखळवून पाडायला नाहीत. एका तारखेला नव्हता म्हणजे त्या तारखेपुरता नव्हता. पुढे तो येऊ शकतो. आज हे वाक्य इतक्या निकालांत उद्धृत होतं की त्याची धार बोथट झाली आहे. मूळ निकाल वाचाल तर त्यातली चीड जाणवेल.

हिदायतुल्ला यांचा निकाल आपल्या विषयाच्या थेट केंद्रात आहे. महंत राम दास विरुद्ध गंगा दास, ९ फेब्रुवारी १९६१. प्रकरण पाटण्याचं. हायकोर्टाने सांगितलं की तुटीची कोर्ट फी तीन महिन्यांत भरा, नाही भरली तर अपील खारीज. अपीलकर्त्याने मुदत संपायच्या आत वाढ मागणारा अर्ज दिला, पण तो न्यायाधीशांसमोर आला तोवर मुदत उलटून गेली होती. हायकोर्ट म्हणालं, आता आमचे हात बांधलेले आहेत, आमच्याच हुकुमाने अपील आपोआप खारीज झालं आहे.

सुप्रीम कोर्टाने हे मानलं नाही. असे कडक हुकूम, हिदायतुल्ला म्हणतात, मुळात चालढकल करणाऱ्या पक्षकाराला धाक बसावा म्हणून असतात. त्यामुळे मुदतीच्या आत काय घडलं याकडे कोर्टाला डोळेझाक करता येत नाही. मग ते उदाहरण देतात: समजा एखादा माणूस पूर्ण रक्कम घेऊन वेळेत निघाला आणि आदल्या दिवशी वाटेत चोरांनी त्याला लुटलं. त्याने मुदतवाढ मागूच नये का? आणि कोर्टाला ती देताच येणार नाही का? असे हुकूम म्हणजे प्राचीन मीड आणि इराणी राजांचे कायदे नव्हेत, असंही ते म्हणतात. त्या राजांनी एकदा काढलेलं फर्मान खुद्द राजालाही बदलता येत नसे अशी बायबलातली कथा आहे.

चोरांचं ते उदाहरण मला फार आवडतं, कारण त्यात पैसा प्रवास करतो. धारणीहून अमरावतीला किंवा पातूरहून अकोल्याला पैसे हातात घेऊन यायचं म्हणजे काय, हे इथल्या माणसाला सांगावं लागत नाही. इथेच एक मोहही होतो: बोस आणि हिदायतुल्ला दोघे नागपूरचे, म्हणजे वऱ्हाडातल्या शेतकरी पक्षकारांचे हाल पाहूनच त्यांचा हा विचार घडला असणार. वाक्य छान आहे, पण लिहू नका. दोन्ही निकालांत वऱ्हाडाचा शब्दही नाही. एक राजस्थानातून आला, दुसरा बिहारमधून. न्यायाधीशाचं गाव हा पुरावा नसतो. तसा दावा करायचा तर त्यांचे नागपूर हायकोर्टातले, अकोला-अमरावतीच्या अपिलांवरचे निकाल एकेक करून काढावे लागतील आणि १९५५ च्या आधी हीच भूमिका तिथे दिसते का ते पाहावं लागेल. ते काम करण्यासारखं आहे, आणि साधनं जवळच आहेत. तुम्ही निकालाच्या संदर्भात 'एआयआर १९६१ एससी ८८२' असं लिहिता ना, तो एआयआर म्हणजे नागपुरातून निघणारा ऑल इंडिया रिपोर्टर. त्याच्या खंडांत नागपूरचा स्वतंत्र विभाग आहे.

१९६१ नंतर गोष्ट सरळ पुढे गेली असं नाही. १९८१ मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात वकील आला नाही म्हणून गेलेलं अपील सुप्रीम कोर्टाने परत घेतलं आणि २०० रुपये खर्च त्या गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितला. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला का, हा त्यातला प्रश्न. दुसरीकडे संसदेला विलंबाची चिंता होती. १९९९ ची दुरुस्ती १ जुलै २००२ पासून लागू झाली आणि कलम १४८ खाली कोर्ट जी मुदतवाढ देऊ शकत होतं तिला एकूण ३० दिवसांची कमाल मर्यादा आली. म्हणजे चोरांनी लुटलेला माणूस एकतिसाव्या दिवशी आला तर? २००५ मध्ये सेलम अॅडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने यावर उत्तर दिलं. पक्षकाराच्या आवाक्याबाहेरच्या कारणाने काम राहिलं असेल, तर कलम १५१ चे अंगभूत अधिकार त्या ३० दिवसांनी संपत नाहीत. १९६१ चा माणूस पुन्हा दारातून आत आला, पण या वेळी दार बरंच अरुंद झालं होतं.

माझं स्पष्ट मत सांगते. दोन्ही बाजू खऱ्या आहेत. चालढकल ही दिवाणी कोर्टातली खरी रणनीती आहे. ताब्यात बसलेल्या माणसाला तारीख हवीच असते, आणि समोरच्याला प्रत्येक तारखेला एक दिवसाची मजुरी आणि एसटीचं भाडं लागतं. कॉस्टची कडक अट त्याच्या बाजूने असते. पण तीच अट त्याच्यावर उलटली तर तो पहिल्या धक्क्यात बाहेर जातो, कारण वर जायला त्याच्याकडे पैसे नसतात. एकाच नियमाचं दोन माणसांसाठी दोन वजनं.

आणि इथे आपल्यासारख्या अभ्यासकांची अडचण सुरू होते. प्रयोगशाळेत काम केलेल्यांना 'डिटेक्शन लिमिट' माहीत असते. पाण्याच्या नमुन्यात आर्सेनिक 'एनडी' आलं, म्हणजे 'सापडलं नाही', तर आर्सेनिक शून्य आहे असं आपण लिहीत नाही. आपण लिहितो की या यंत्राच्या मर्यादेखाली आहे. लॉ रिपोर्ट हे असंच एक यंत्र आहे. ज्या खारीज दाव्याच्या मालकाकडे रिस्टोरेशनचा अर्ज, त्यावरचं अपील, मग हायकोर्ट, मग दिल्ली एवढं परवडलं, तोच तिथे नोंदवला जातो. बाकीचे मर्यादेखाली. सुप्रीम कोर्टाचे दहा उदार निकाल वाचून 'भारतीय न्यायालयं खारीज दाव्यांबाबत उदार आहेत' असं अनुमान काढणं म्हणजे 'एनडी' ला शून्य समजणं. वरच्या कोर्टाचं धोरण उदार आहे, एवढंच त्यातून सिद्ध होतं.

मर्यादेखालचं वाचायचं कसं? पहिला स्रोत रोजनामा. प्रत्येक पेशीला कोण हजर, कोणता अर्ज, काय हुकूम, हे त्यात ओळीने असतं. खारीज झाल्याच्या ओळीआधीच्या चार-पाच तारखा पाहिल्या की कळतं, वादी सुस्त होता की पाचही वेळा येऊन परत गेला होता. दुसरा स्रोत दाव्यांचं रजिस्टर. त्यात निकालाचा प्रकार आणि तारीख असते. तिसरा किरकोळ दिवाणी अर्जांचं रजिस्टर, कारण रिस्टोरेशनचे अर्ज तिथे नोंदले जातात. दोन रजिस्टरं शेजारी ठेवली की किती जण परत आले आणि किती आलेच नाहीत याचं प्रमाण काढता येतं. पण कोर्टाचे सगळे कागद कायम ठेवले जात नाहीत. रेकॉर्ड नष्ट करण्याचा १९१७ चा कायदा आहे आणि कोणता कागद किती वर्षं ठेवायचा याचे नियम आहेत. हुकूमनामा जास्त टिकतो, मधले अर्ज लवकर जातात. म्हणजे उशिराचं कारण सांगणारा कागद, जो आपल्याला सगळ्यात हवा असतो, तोच आधी नाहीसा होतो. रजिस्टर पाहायला जिल्हा न्यायाधीशांची परवानगी लागते. अर्ज लेखी करा, संशोधनाचा हेतू आणि मार्गदर्शकाचं पत्र जोडा आणि दोन-तीन चकरांची तयारी ठेवा.

अलीकडच्या काळासाठी ई-कोर्ट्सची सोय आहे. अकोला आणि अमरावतीच्या कोर्टांतल्या प्रकरणांची स्थिती, तारखांचा इतिहास आणि निकालाचा प्रकार तिथे दिसतो, आणि नॅशनल ज्युडिशियल डेटा ग्रिडवर जिल्हावार आकडे मिळतात. निकालाच्या रकान्यात गैरहजेरीत गेलेली प्रकरणं वेगळी काढता येतात. मात्र नोंद करणाऱ्याने कोणता पर्याय निवडला यावर ते अवलंबून आहे, म्हणून नमुन्यादाखल काही हुकूम उघडून पडताळल्याशिवाय संख्येवर विसंबू नका. पक्षकारांची नावं तुमच्या तक्त्यात घेऊ नका. ती सार्वजनिक असली तरी तुम्हाला लागत नाहीत.

एक प्रश्न मी टिपून ठेवला आहे. ज्याला हवा त्याने घ्यावा. वऱ्हाडात कापसाची वेचणी दिवाळीच्या आसपास सुरू होते आणि पैसा हातात येतो तो हिवाळ्यात. जूनमध्ये बी-बियाण्याला तो जातो. जुलै ते सप्टेंबर हात रिकामा. पैसे न भरल्यामुळे किंवा गैरहजेरीत खारीज होणारे दावे महिन्यावार मांडले, तर पावसाळ्यात ते जास्त दिसतील का? दिसले तरी लगेच कापसाला धरू नका. मे महिन्यात कोर्टांना उन्हाळी सुट्टी असते, त्यामुळे जूनमध्ये कामकाजाचा ढीग असतो आणि नुसत्या तारखांच्या गर्दीनेही आकडा फुगू शकतो. पेरणीच्या घाईत शेतकरी गैरहजर राहतो, तो पैशांअभावी नाही तर पावसाअभावी किंवा पावसामुळे. हे वेगळं करायचं तर शेतीशी संबंध नसलेले, शहरातल्या भाडेकरू-मालकाचे दावे तुलनेला घ्यावे लागतील, आणि खारीज होण्याचं प्रमाण दर शंभर पेश्यांमागे मोजावं लागेल, दर महिन्यामागे नाही. अकोल्याच्या एका कोर्टाचं एक वर्ष घेऊन सुरुवात केली तरी चालेल. आधी जून ते सप्टेंबर काढा, मग डिसेंबर ते मार्च.